बिनतुपाचं ताट

आमच्या घरात गेलेल्या माणसाला जेवायला वाढतात. अमावास्येला फोटोपुढं ताट ठेवायचं, त्यात त्याच्या आवडीचं सगळं वाढायचं, मग खोलीचं दार ओढून घ्यायचं आणि बाहेर गप्प बसायचं. आत तो जेवतो म्हणे. मी शाळेत विज्ञान शिकवते, माझा यावर विश्वास नाही. तरी दार ओढताना कडी वाजू नये म्हणून मीही जपते.

माझा थोरला भाऊ शिवकुमार, आमचा अण्णा, मागच्या डिसेंबरात अमेरिकेत टँपा शहरात गाडीच्या अपघातात गेला. माती तिकडंच दिली. कागदपत्रांच्या घोळात आमच्यापैकी कुणी पोचलं नाही आणि अव्वानं पोटच्या पोराचं शेवटचं तोंड माझ्या मोबाइलवर पाहिलं. तेव्हापासून त्याच्यासाठी करण्यासारखं तिला एकच उरलं होतं, ते ताट. दर अमावास्येला पुरणपोळी, त्यावर वाटीभर तूप, बासुंदी, घट्ट दही, शेंगाचटणी. सकाळपासून राबायची आणि कुणाला हात लावू द्यायची नाही.

खरं तर अण्णानं तिकडं गेल्यावर दूध, दही, तूप सगळं सोडलं होतं. जनावरांचे हाल त्यानं कुठंतरी पाहिले आणि ठरवून टाकलं. अव्वा त्याला खूळ म्हणायची. गाईनं तुझं काय वाकडं केलं, असं फोनवर विचारायची. नंतर एकदा तो आठ दिवसांसाठी आला, तेव्हा तिनं पहिल्याच जेवणाला पोळीवर तुपाची धार धरली आणि त्यानं मुकाट्यानं खाल्ली. मग काय, आईच्या हातापुढं अमेरिकेचं काही चालत नाही, हे अव्वा गल्लीभर सांगत सुटली. अपघातानंतरही सांगायची. तिच्याकडं तेवढंच तर होतं.

दिवाळीनंतर ऋतुराज आला. हा अण्णाबरोबर एकाच घरात राहायचा, मूळचा पुण्याचा. अण्णाची बॅग द्यायला आला होता. तीत चार शर्ट, एक पट्टा आणि काळ्या घेवड्याचं अर्धं पाकीट. ते का आणलं त्यालाही सांगता येईना, टाकवलं नाही एवढंच म्हणाला. त्यांचा घरमालक क्यूबाचा म्हातारा होता. त्यानं अण्णाला तिकडचा काळ्या घेवड्याचा भात शिकवला आणि अण्णा दर रविवारी पातेलंभर करायचा. त्याला सगळ्यात जास्त तेच आवडायचं. मग कौतुकानं ऋतुराज म्हणाला, "काकू, फार कडक होता तो. कुणाकडं दुधातुपाचं असलं तर उपाशी परत यायचा, पण तोंड लावायचा नाही."

अव्वानं हातातला चहा खाली ठेवला. 

"वरीसभर उपाशीच गेला की गं माझ्या दारातनं," ऋतुराज गेल्यावर ती म्हणाली.

मी म्हटलं, आला होता तेव्हा खाल्लं होतं की त्यानं.

"तवा मी समोर होते आग्रह करायला. आता बंद खोलीत त्याला कोन हाय?"

यावर विज्ञानाची बाईच कामाला लागली. वर्षाच्या ताटाला तोच भात करायचा ठरला. मी ऋतुराजला फोन करून सगळं विचारून घेतलं. घेवडा रात्रभर भिजवून शिजवायचा, त्याचं काळं पाणी टाकायचं नाही, त्यातच भात शिजवायचा. तेलावर कांदा, लसूण, हिरवी सिमला मिरची, जिरं, तमालपत्र. शेवटी थोडं व्हिनेगर. अप्पांचं, म्हणजे माझ्या वडिलांचं, नव्या पेठेत कापडाचं दुकान आहे, त्यांना मंडईत रंग भुलवतो. ते लाल-पिवळ्या मिरच्या घेऊन आले, तर अव्वानं त्यांना भर उन्हात परत पाठवलं. त्याला हिरवीच लागते, म्हणाली. जणू तो पंगतीला येऊन बसला होता.

घेवडा तव्यावरच्या काजळीसारखा काळा, पाणीही काळं. असला भात अव्वानं जन्मात पाहिला नव्हता. ढवळताना ती सारखी स्वतःलाच बजावत होती, तूप न्हाय, तूप न्हाय. मीठ किती घालायचं यावर आमचं अडलं, कारण ताटातलं आधी चाखून बघायचं नसतं. आणि चाखून तरी काय कळणार होतं? ज्याला ती चव ठाऊक होती त्याच्यासाठीच तर सगळं चाललं होतं.

मी फोटो पुसून विभूती लावून आले, तर स्वयंपाकघरात तुपाचा वास. बरणीचं झाकण बाजूला, चमचा ओला. अव्वा पातेल्यावर ताटली ठेवत होती आणि तिला काहीही कळलेलं नव्हतं. वाफ आणताना भाताच्या कडेनं चमचाभर तूप सोडायचं, हे तिचा हात लग्न झाल्यापासून करत आलाय. जित्याची खोड मेल्याशिवाय जात नाही म्हणतात. माझ्या तोंडात शब्द आला होता, पण ओट्यावरचं रिकामं पाकीट दिसलं. घेवडा तेवढाच होता. मी माझ्या हातानं तो भात ताटात वाढला.

दार ओढून आम्ही बाहेर भिंतीला टेकून बसलो. वर्षभरात पहिल्यांदाच अव्वाच्या चेहऱ्यावर जरा निवांतपणा होता. आज जेवंल बघ, ती हळूच म्हणाली. मग तोंडावरून हात फिरवला आणि तिचा हात नाकापाशीच थांबला. तिनं बोटं हुंगली. पुन्हा हुंगली.

"काव्या, मी तूप घातलं?"

खोटं बोलायला हवं होतं. तिच्या डोळ्यांकडं बघून जमलं नाही.

"घातलंस."

ती बोटं तशीच हवेत धरून बसली. तिचं ते बसणं मला बघवेना. तिला धीर यावा म्हणून अण्णानं सांगू नको म्हणून बजावलेलं मी सांगून टाकलं. अव्वा, मागच्या वेळीही त्याला तूप नकोच होतं. आठ दिवसांसाठी आईचं मन कशाला मोडू, असं मला म्हणाला आणि तू वाढलंस ते सगळं खाल्लं. आजही तुझ्यासाठी खाईल.

"म्हंजे त्या पोळ्या बी?"

"हो."

"आठी दिवस?"

मी मान हलवली. तिचा चेहरा बघितला आणि मी काय करून बसले ते मला कळलं. गल्लीभर सांगत फिरायला तिच्याकडं जे एक होतं, तेही मी काढून घेतलं होतं.

आत समई तेवत होती, दाराच्या फटीतून उजेड दिसत होता. अव्वानं लुगड्याच्या पदरानं एकेक बोट पुसून काढलं.

"दार उगड," ती म्हणाली. "मन मारून बसला आसंल. जाऊ दे त्याला."

मी उठून दार उघडलं. या वेळी कडी वाजली.