पपईचा बैल

तान्ह्या पोळ्याला मोठी माणसं पोरांच्या हातात बैल देतात आणि दोरी मात्र आपल्याच हातात ठेवतात. ज्याला हे कळलं नाही त्यानं तो सण नुसता पाहिला, ओळखला नाही.

सुखीबाईनं गुदस्ता ओळखला. मोठा पोळा खऱ्या बैलांचा. दुसऱ्या दिवशीचा तान्हा पोळा पोरांचा. पोरं लाकडाचे, चाकं लावलेले बैल सजवून तोरणाखाली आणतात, झडत्या, म्हणजे पोळ्याची चढाओढीची गाणी, म्हणतात आणि तोरण तुटलं की घरोघर फिरून बोजारा मागतात. कोणी मुरमुरे देतो, कोणी गुळाचा खडा, एखाद्याची माय मोठ्या मनाची असली तर करंजी. सुखीबाईच्या लेकीकडं, जमनीकडं, लाकडाचा बैल नव्हता. तिनं मातीचा केला, कुंकवानं शिंगं रंगवली आणि लमाणांच्या तांड्यावरून गावात नेऊन मोठ्या दिमाखात तोरणाखाली ठेवला. तेवढ्यात पावसाची एक सर आली. गावच्या पोरांचे सागवानी बैल न्हाऊन चकचकीत झाले. जमनीचा बैल बसला. आधी पाय बसले, मग पोट, मग शिंगं.

पोरं हसली. पोरांचं काय, ती कशालाही हसतात. पण पंजाबराव हसला. तान्हा पोळा भरवणारा, इस्त्रीची टोपी घालणारा गावचा मोठा शेतकरी. त्यानं जोड्यानं तो चिखल बाजूला सारला आणि म्हणाला, "तांड्याचा बैल तांड्यातच ठेवा. इथं घाण नका करू."

कोणी म्हणेल, पोरांचा खेळ, त्यात एवढं काय? म्हणणाऱ्यानं आपल्या पोरीचा बैल एकदा असा जोड्यानं सारला जाताना पाहावा, मग बोलावं.

तेव्हापासून पोळ्याचं नाव काढलं की जमनी भिंतीकडं तोंड करून बसायची. सुखीबाईनं तिला शब्द दिला होता, "पुढच्या साली तू पयल्या रांगेत उभी राहशीन. नाही राहिली तर मी माही टोपली पालथी घालीन." टोपली म्हणजे तिचं पोट. बोरी अरबच्या बाजारात ती फळं विकायची. टोपलीची शपथ घेणं सोपं नव्हतं.

वर्ष गेलं. सुताराला सांगून ठेवलं होतं. तो म्हणाला, आधी गावातले बैल, मग तुमचा, दसऱ्याला देतो. पोळ्याचा बैल दसऱ्याला! जळो त्याचा रंधा.

त्यात पोळ्याच्या दिवशी बाजारात फळाला कोणी हात लावला नाही. ज्याच्या त्याच्या घरी पुरण शिजत होतं. टोपली जशी नेली तशी परत आली. अर्ध्याकच्च्या पपया, काकड्या, गवारीच्या शेंगा आणि जामं. पुण्याकडचे लोक ज्याला पेरू म्हणतात ते आमच्याकडं जाम.

तान्ह्या पोळ्याची सकाळ उजाडली. जमनी भिंतीकडं तोंड करून बसली होती.

"जमने, उठ."

"नाही."

"काहून?"

"बैल कुठी आहे?"

सुखीबाईला संताप आला. पोरीचा नाही, सुताराचा, पंजाबरावाचा, साऱ्या सागवानाचा. तिनं टोपली उचलली आणि खरंच अंगणात पालथी घातली. जामं गडगडत कोंबड्यांमध्ये गेली. एक पपई घरंगळत गेली आणि चुलीपाशी पोट टेकून थांबली. देठाकडची मान जराशी वर, मागचा भाग भरदार.

दिराचा पोरगा फुलचंद दात घासत उभा होता. तो म्हणाला, "काकी, पाहा, बैल बसला."

जमनीनं मान वळवली.

सुखीबाईनं पपईकडं पाहिलं. मग फुलचंदकडं. मग ओरडली, "अरे, तुराट्या आना! अन् कोंबड्या हाकला!"

घटकाभरात तांड्यातली सारी पोरं अंगणात. एकेका पपईचा एकेक बैल. तुराटीचे तुकडे पाय झाले. गवारीच्या वाकड्या शेंगा शिंगं झाल्या. काकडीच्या जाड चकत्यांची चाकं. अर्धा जाम पाठीवर उपडा ठेवला की वशिंड. शेपटीला मक्याच्या कणसाचे केस. डोळ्यांचं अडलं, तेव्हा सुखीबाईनं सुरी घेतली आणि पपईच्या पोटाला खाच पाडून काळ्या बिया काढू लागली.

"काकी बैलाचं पोट फाडून राह्यली!" पोरं आनंदानं किंचाळली.

ते देवसिंगच्या कानावर गेलं.

देवसिंग सुखीबाईचा सासरा. त्याच्या बापानं बैलांच्या पाठीवर मीठ आणि धान्य लादून मुलूख पालथा घातला होता. आगगाडी आली, धंदा गेला, पण बैल काही या घराच्या डोक्यातून उतरला नाही. दारातला कवड्या नावाचा म्हातारा बैल औताच्या कामाचा राहिला नव्हता, तरी आधी त्याच्यापुढं चारा पडायचा आणि मग घरात ताटं वाढली जायची.

"बैलाच्या पोटात सुरी?" म्हातारा काठी टेकत आला. "पोळ्याच्या सणाले? माह्या अंगणात?"

सुनेनं सासऱ्याशी थेट बोलायचं नाही अशी रीत. सुखीबाईनं घुंगट खाली ओढला आणि जमनीकडं तोंड केलं. या रीतीत एक सोय आहे. बाईला जे बोलायचं ते लेकराच्या खांद्यावर ठेवून बोलता येतं. तांड्यात आजाला दादा म्हणतात आणि मायला याडी.

"जमने, तुह्या दादाले सांग, ही पपई आहे."

"दादा, याडी म्हन्ते पपई आहे."

"म्या ऐकलं. बहिरा नाही झालो. तिले सांग, लेकरं बैल म्हनून राह्यले म्हनजे तो बैलच. माहा बाप उपाशी झोपला, पन बैलाले कधी चाबूक नाही दाखवला. अन् हे सुरी दाखवते!"

"दादाले इचार, पयले कापलं अन् मंग बैल म्हटलं तर चालते काय?"

जमनीनं विचारलं. देवसिंगच्या बापाच्या साऱ्या प्रवासात हा प्रश्न कोणी विचारला नव्हता. त्यानं मिशी चावली, कवड्याकडं पाहिलं. कवड्या रवंथ करत होता.

"तसं चालते," म्हातारा म्हणाला. "सुरी खाली ठेवल्यावर बैल म्हना. पन एक आयका. बैल झाला की कोनी खायचा नाही. लमानाचं लेकरू बैल खात नाही. आपल्या देवाची, सेवाभायाची आन आहे!"

झालं! सुरी चालू असेपर्यंत 'बैल' हा शब्द तांड्यात बंद. "ह्या धोंड्याले शिंग लाव." "त्या म्हशीच्या भावाले शेपूट दे." पोरं हसून हसून लोळायला लागली. आणि बैल खायचाच नाही म्हटल्यावर त्यांनी खाता येतील अशी जनावरं सुरू केली. फुलचंदनं जामात तुराटीच्या काड्या खोचून साळू केला. कोणी काकडीचे कान लावून ससा केला. एकानं पपईची साल पट्ट्यापट्ट्यानं सोलून वाघ केला, त्याला दात म्हणून तांदूळ लावले. लठ्ठ खेमसिंगनं एका मोठ्या जामावर छोटं जाम बसवलं आणि वर खोबऱ्याची पांढरी चकती ठेवली.

"हे कोनतं जनावर रे?"

"पंजाबराव."

"पोट काहून एवढं?"

"आहेच ना!"

सुखीबाईला घुंगटातही हसू आवरेना. तिनं आपल्या जुन्या घागऱ्याचा आरसे लावलेला तुकडा फाडला आणि जमनीच्या बैलावर झूल म्हणून टाकला. उन्हात तो बैल असा झळकला की जमनी आपोआप उठून उभी राहिली.

बैल टोपलीत, टोपली सुखीबाईच्या डोक्यावर, मागं पोरं, सगळ्यात मागं काठी टेकत देवसिंग. बैल कोणी खात नाही ना हे पाहायला तो आला होता.

तोरणाखाली पंजाबरावाचं भाषण चाललं होतं. महाराष्ट्र झाल्याचा हा पहिला पोळा, आता साऱ्या कामात शिस्त पाहिजे, वगैरे. राज्य बदललं होतं, तोरण तेच होतं. सकाळपासून पोरं सागवानी बैल घेऊन रांगेत शिस्तीनं उभी होती आणि शिस्तीनं पेंगत होती. पंजाबरावाचं धाकटं पोरगं तर पितळी शिंगांच्या भल्या मोठ्या बैलावर डोकं टेकून उभं होतं.

सुखीबाईनं टोपली उतरवली. जमनीनं आपला बैल काढला आणि पहिल्या रांगेत ठेवला. काकडीची चाकं दोन हात चाललीसुद्धा.

"हे काय आनलं?" पंजाबराव म्हणाला.

"बैल."

"हा भाजीपाला आहे, बाई. बाजारात न्या."

"पाऊस आला तरी बसत नाही हा बैल, मालक. पानी टाकून पाहा."

"मले शिकवू नका! लाकडाचा असन तर उभं राहा, नाही तर बाजू व्हा. चला, उचला!"

जमनी हलली नाही. सुखीबाईला पंजाबरावाच्या पायातला गुदस्ताचा तो जोडा पुन्हा दिसला. तिनं पदर खोचला. आता जे बोलायचं ते लेकराच्या खांद्यावरून नाही, तोंडावर. ती तोंड उघडणार, तेवढ्यात कर्र असा आवाज आला.

पंजाबरावाच्या पोरानं वाकून जमनीच्या बैलाचं वशिंड तोडलं होतं आणि ते डोळे मिटून चावत होतं. सकाळपासून उपाशी लेकरू. लाकडात काय खाणार?

बायांच्या घोळक्यातून पंजाबरावाची बायको कोकिळा धावत आली. "अरे मेल्या! पोळ्याच्या सणाले बैल खाल्ला! वशिंड खाल्लं हो यानं बैलाचं!"

"बैल खाल्ला! बैल खाल्ला!" पोरांनी ओरड केली. मागून देवसिंगनं काठी उचलली, "कोनं खाल्ला?"

"तो बैल नाही, जाम आहे!" पंजाबराव गरजला.

"तुमी गप बसा!" कोकिळा म्हणाली. "बैलाच्या पाठीवर ठेवलं मंग ते जाम कसं? धोंड्याले शेंदूर लावल्यावर तुमी त्याले धोंडा म्हन्ता काय? पाप लागलं ना माह्या लेकराले! पाया पड रे बैलाच्या!"

आणि तिनं पोराची मान धरून त्याला पपईच्या बैलापुढं वाकवलं. पोरगं वाकलं, आणि वाकल्या वाकल्या त्यानं गवारीचं शिंगही हुंगलं.

सारं गाव हसलं. मागच्या साली जमनीला हसलं होतं तेच गाव.

"मालक," सुखीबाई म्हणाली, "आता तुमच्याच घरातून निकाल लागला. बैल आहे का भाजीपाला?"

पंजाबराव टोपी सारखी करू लागला. टोपी सारखीच होती. "बरं बरं, राहा उभे. तिकडं मागच्या—"

"पयल्या."

"बाबा, माह्याजवळ राहू द्या तिले," पोरगं तोंडभर जाम घेऊन म्हणालं. त्याचा डोळा दुसऱ्या बैलाच्या वशिंडावर होता.

अशी जमनी पहिल्या रांगेत उभी राहिली. आणि झडती म्हणायची वेळ आली तेव्हा कोणी सांगायच्या आत तिनंच सूर लावला,

"लाकडाचा बैल तुमचा, खाईना ना पिईना,
फळीवरती उभा राहते, कोनाच्या कामी येईना!
आमचा बैल पपईचा, डोळ्यात बिया दोनी,
पाहून पाहून मालकाच्या तोंडाले सुटलं पानी!
हर हर महादेव!"

"हर हर महादेव!" म्हणणाऱ्यांत गावची गडीमाणसंही होती. तोरण तुटलं. सागवानी बैल जागच्या जागी राहिले आणि पोरं दोऱ्या टाकून टोपलीभोवती जमली. साळू कसा केला, वाघाचे दात कशाचे, मले शिकव ना. पंजाबराव शिस्तीच्या नावानं ओरडत राहिला. कोणी ऐकलं नाही. चांगलं झालं.

उन्हं कलता कलता तांड्यावर पोरं बोजाऱ्याचे मुरमुरे आणि आपली जनावरं घेऊन गोल करून बसली. वाघ गेला, ससे गेले, साळू काड्या उपटून खाल्ला. खेमसिंगनं पंजाबराव एकट्यानं संपवला आणि ढेकर दिला. उरले बैल. पपया पिकायला आल्या होत्या, वास सुटला होता.

"दादा, त्या पोरानं तर खाल्ला," फुलचंद म्हणाला.

"त्याचं तो पाहीन. आपन नाही."

पोरांची तोंडं उतरली. जमनीनं आपल्या बैलाची झूल काढली, घडी करून कमरेला खोचली आणि बैल उचलून थेट कवड्यापुढं नेला.

"बैलाले बैल चालते ना, दादा?"

देवसिंग विचार करू लागला. कवड्यानं केला नाही. त्यानं आधी गवारीची शिंगं ओढली, मग लांब जीभ काढून अख्खा बैल तोंडात घेतला. पिवळा रस नाकपुडीपर्यंत गेला. पोरांनी टाळ्या पिटल्या आणि आपापले बैल घेऊन धावली.

"गेला, बैल बैलात गेला," देवसिंग म्हणाला. "पाप कोनालेच नाही." तो कवड्याच्या गळ्याखाली खाजवू लागला, त्याच्या कानात काहीतरी बोलू लागला, आणि पोरं मुरमुऱ्यांसाठी भांडत असताना गव्हाणीत सांडलेली पपईची एक फोड त्याच्या हाताला लागली. हात वर गेला. मिशी हलली.

सुखीबाईनं घुंगटातून पाहिलं.

"जमने," ती मोठ्यानं म्हणाली, "तुह्या दादाले सांग, मिशीले बैल लागला."