फवाऱ्याचं माप

नासपती पाकात शिजवून, देठासकट काचेच्या वाटीत उभी करून वाढायची, ही हौस सुचिताला मोबाइलवरच्या एका व्हिडिओनं लावली. तिचा नवरा गोपाल चिखलीच्या शाळेत मास्तर. त्याचे नवे मुख्याध्यापक महादेवराव आणि त्यांच्या पत्नी कोकिळाबाई रात्री जेवायला येणार होते, आणि अशा पाहुण्यांची श्रीखंडावर बोळवण करणं सुचिताबाईंना कमीपणाचं वाटलं. बाजारात ती एकेक फळ दाबून पाहू लागली तेव्हा फळवाला दोनदा ओरडला, तरी सारख्या आकाराची फळं घेऊनच ती हलली.

दालचिनी-लवंगेच्या पाकात, मंद आचेवर फळं सुरेख शिजली. पाणी, साखर, लिंबाचा रस, सगळं रेघ पाहून मोजलेलं. महिनाभर ती गोपालकडे असं माप मागत होती. आज मोरीपाशी तिला पांढरं, रेघांचं माप दिसलं आणि वाटलं, आणलं एकदाचं, वर सांगितलंही नाही. त्याला जरा वास होता. नव्या प्लास्टिकला येतोच, म्हणून तिनं सोडून दिलं.

जेवणं झाली. वाट्या बाहेर गेल्या. इतक्यात तिचे सासरे भगवानराव मागच्या दारानं स्वयंपाकघरात आले. शेतावरचा फवारा दुरुस्तीला टाकायला ते दुपारीच गावाकडून, उंद्रीहून आले होते आणि लवकर जेवून अंगणात बसले होते.

"सूनबाई, माहं माप दिसलं काय? फवाऱ्याचं. मोरीपाशी ठेवलं होतं."

माप ओट्यावरच होतं, पाकानं चिकट झालेलं.

"मामाजी, हे धुतलेलं होतं ना?"

"नाही ना. सकाळी कपाशीवर अळीचं औषध मारलं अन् तसंच पिशवीत टाकलं. धुवाचंच राह्यलं." मग त्यांनी मापाकडे पाहिलं, मग गॅसवरच्या पातेल्याकडे.

सुचिता बाहेर धावली. कोकिळाबाईंच्या वाटीतली नासपती एका बाजूनं कापलेली होती. महादेवरावांचा चमचा नुकताच फळाला लागला होता. गोपाल वाटीला हात न लावता शाळेबद्दल काहीतरी सांगत होता, आणि इतका खुशीत तो कितीतरी दिवसांत दिसला नव्हता. खरं तिच्या अगदी जिभेवर होतं. ती मरणाला भ्याली होती आणि लाजेलाही भ्याली होती. त्या घटकेला लाज जिंकली.

"खाऊ नका," ती म्हणाली. "बिघडलंय ते."

आता आपल्याकडे घरच्या बाईनं आपल्या रांधण्याला नाव ठेवलं, की पाहुण्यानं काय करायचं असतं? महादेवराव हसले आणि त्यांनी पहिला घास घेतला. कोकिळाबाईंनी तर चांगला मोठा तुकडा तोंडात टाकला. "सगळ्याच बाया असं म्हणतात," त्या म्हणाल्या. "मी बी म्हणते."

"खरंच बिघडलंय. पाक करपलाय."

"हिचं नेहमी असंच असते, सर," गोपाल म्हणाला.

कोकिळाबाईंनी आणखी एक घास घेतला, वर त्या पाकही प्यायल्या.

"फवारणीच्या मापानं मोजलंय मी," सुचिता म्हणाली. आवाज तिचा तिलाच ओळखू आला नाही. "औषधाच्या. न धुतलेल्या."

गोपालनं गाडीची किल्ली उचलली.

दवाखान्यात महादेवरावांना एक उलटी झाली आणि ते सावरले. कोकिळाबाई सावरेनात. त्यांना दरदरून घाम फुटला, तोंडाला लाळ सुटली, हात थरथरू लागले. डॉक्टरांनी सलाइन लावलं, इंजेक्शनं दिली आणि फक्त एवढंच सांगितलं, की आत्ता काही सांगता येत नाही. गोपाल बायकोकडे न बघता भिंतीला टेकून उभा होता.

सुचिता खाटेपाशी गेली. माफी मागायला तिनं तोंड उघडलं, पण कोकिळाबाईच आधी बोलल्या, तुटत तुटत.

"पहिल्याच घासाले कडू लागलं होतं मले. ठेवूनच देणार होते वाटी." त्यांनी श्वास घेतला. "मग तुम्ही म्हणल्या, बिघडलं. वाटलं, बिचारीनं एवढ्या हौसेनं केलं, तिचं मन कशाले मोडाचं. म्हणून खाल्लं."

सुचितानं त्यांचा हात धरला. तो गार पडत चालला होता. नाडी नेमकी कुठे बघतात हे तिला ठाऊक नव्हतं, तरी ती मनगट चाचपत राहिली.