नावाविना वाजलेली थाळी

मी काशाची थाळी. माझ्यात आजवर कुणी भाताचं शीतही वाढलेलं नाही, पण त्याचं मला दुःख नाही. जेवण वाढण्यापेक्षा नाजूक काम माझ्या वाट्याला आलं.

एका कासाराने मला ठोकून ठोकून घडवलं आणि २०१४च्या चैत्रात विवळवेढ्याला, महालक्ष्मीच्या जत्रेत मी विक्रीला मांडली गेले. तिथे रखमी आली. एकेक थाळी उचलायची, बोटाच्या पेराने वाजवायची, कान लावून ऐकायची. दुकानदार वैतागला. "बाय, जेवायला पायजे का वाजवायला?"

"माणूस माघारी बोलवायला," ती म्हणाली. त्याने मुकाट माझे पैसे घेतले आणि मला तिच्या हातात दिलं. जत्रेत नाना तऱ्हेची माणसं येतात, हे त्याला ठाऊक असावं.

तलासरीकडच्या डोंगराखाली तिचं कौलारू घर. रखमी आणि तिचा नवरा भिका हे पदरवाल्या पंथाचे. पदरवाले भगवं घालत नाहीत, भात आणि नागली पिकवतात. सुगी उरकली की मात्र त्यांचा दुसरा उद्योग सुरू होतो. त्यांचं म्हणणं असं, की केळीच्या बुंध्याला असतात तसे जगालाही पदर असतात. शेजारच्या पदरात हेच गाव, हीच माणसं. फक्त एखादी गोष्ट निराळी घडलेली. भिका पाटावर बसायचा, डोळे मिटायचा आणि तिकडे जाऊन यायचा. गंजाडहून आलेल्या एका बाईला त्याने सांगितलं होतं, "तिकडं तुझी पोर तापातून उठली. शाळेत जाते. दोन वेण्या घालते." बाई खूप रडली, पण जाताना जरा ताठ चालत गेली. खरं की खोटं ते मला विचारू नका. मी आपली खुंटीवर असते.

गेलेल्याला परत आणायचं काम माझं आणि रखमीचं. थाळी वाजवायची आणि लगेच नाव घ्यायचं. नावाविना वाजली तर ती परक्या घरची हाक समजायची. शिवाय हाक आपल्याच माणसाला लागते, परक्याला लागत नाही. एरवी रखमी नवऱ्याचं नाव घेत नसे, मुलाच्या नावाने "सुरजचे बा" म्हणायची. पण माझ्यावर काठी पडली की खणखणीत आवाज यायचा, "भिकाऽ!" आणि मग तीच लाजायची. मला ते फार आवडायचं.

२०१८च्या थंडीत आमच्याकडची जमीन हलायला लागली. डहाणू-तलासरीच्या गावांत लोकांची पाचावर धारण बसली. अंगणात ताडपत्र्या बांधून माणसं राहू लागली. अशात एका सकाळी भिका पाटावर बसून तिकडे गेलेला, रखमी शेजारी काठी घेऊन बसलेली, आणि मोठा धक्का आला. कौलं धडाधड पडू लागली. सून रविना अंगणातून किंचाळली, "आई, बाहेर या!" रखमी पळाली. अशा वेळी पाय कुणाला विचारत नाहीत. मी खुंटीवरच हेलकावून भिंतीवर आदळले, एकदाच वाजले आणि काठाला चिरले.

त्या आवाजाने भिकाने डोळे उघडले. घरात कुणी नव्हतं. धक्का थांबल्यावर रखमी धापा टाकत आत आली, तर त्याने तिला हात जोडले. "बाय, मी चुकून तुमच्याकडं आलो."

"थट्टा पुरे, सुरजचे बा."

"थट्टा नाय. थाळी वाजली, नाव नाय ऐकू आलं. आन् माझी रखमी मला टाकून पळाली नसती."

ते वाक्य रखमीच्या जिव्हारी लागलं. त्या दिवसापासून भिका स्वतःच्याच घरात पाहुणा झाला. पाणीसुद्धा विचारून घ्यायचा. ओसरीवर झोपायचा. इतक्या वर्षांत कधी केली नव्हती अशी तिच्या कालवणाची तारीफ करायचा, आणि ती आत जाऊन रडायची. रविना सासऱ्याला म्हणाली, "मामा, डहाणूला डॉक्टरकडं जाऊ." तर म्हणतो, "तुझा मामा आला की त्याला ने." काखेत कळसा आणि गावाला वळसा म्हणतात तो हाच. रखमीने मला किती वेळा वाजवलं, नाव घेतलं. तो समजुतीने सांगायचा, "इथून काय उपयोग? तिकडून वाजायला पायजे." न पळालेल्या त्या दुसऱ्या रखमीचा आमच्या रखमीला हेवा वाटू लागला होता.

होळी झाली, तरी तो परकाच. मग एका सकाळी रखमी स्वतःच पाटावर बसली. काठी त्याच्या हातात दिली.

"तिकडं जाते. तुमच्या रखमीला सांगते, माणूस सुखरूप हाय. मला हाक तुम्ही द्या."

"मी परका. माझी हाक तुम्हाला लागंल का?"

तिने डोळे मिटलेसुद्धा. आजवर ती कधी गेली नव्हती. ऊन ओसरीवरून आत सरकलं. तिची मान कलली, ओठ सुकले. भिका मला मांडीवर घेऊन बसला होता. काठी उचलायचा आणि खाली ठेवायचा. हाक लागली तर ही आपली ठरते, आणि दिली नाही तर ही तिकडेच राहते, हे त्याला कळत होतं. शेवटी त्याने मला वाजवलं. माझा आवाज फाटका निघाला, त्याचाही.

"रखमेऽ! ए रखमे, ये माघारी!"

तिने डोळे उघडले.

"भेटली?" त्याने विचारलं.

"भेटली." रखमी जमिनीकडे बघत होती. "तीपण पळाली होती. अंगणात उभी राहून तुमचं नाव घेत होती. कौलांच्या आवाजात तुम्हाला ऐकू गेलं नाय."

भिकाने काठी खाली ठेवली. म्हणाला, "भित्री मेली. दोन्हीकडं सारखीच." आणि तिचा हात धरून लहान पोरासारखा रडला.

रखमी खरंच तिकडे गेली होती का, मला माहीत नाही. पण त्या सकाळी आमच्या अंगणातून कुणीतरी त्याचं नाव घेत होतं, ते मी भिंतीवरून ऐकलं होतं.

आता २०१९ सरत आलं. आशागडचे पदरवाले म्हणतात, चिरलेली थाळी बदला. रखमी ऐकत नाही. जमीन अजून अधूनमधून हलते. तुमच्याही घरात कधी काही हलेल, आणि जवळचं कुणीतरी आधी पळेल. ते परत येईल तेव्हा बायांनो, बाप्यांनो, एवढंच करा: हात जोडू नका, हात धरा.