सुकलेल्या कांड्या

हल्ली कशालाच पूर्वीसारखा वास येत नाही, याचा दोष माई आधी साबणवाल्याला देत असे, मग पाण्याला, आणि उरलेला सगळा सुनेला.

लॉन्ड्री कागदोपत्री नवऱ्याची, पण मालक कोण हे दुकानात शिरणाऱ्याला विचारावं लागत नसे. हॉटेलांच्या चादरी, दवाखान्याचे अभ्रे, लोकांचे सदरे, सगळं धुऊन वाळून आलं की आधी माईच्या टेबलावर. ती उंच स्टुलावर बसून एकेक कापड नाकाशी न्यायची आणि हुकूम सोडायची, "पुढे!" नाहीतर "परत!" कापड कुबट राहिलेलं असो की साबण पुरता न निघालेला, तिच्यापुढे काही लपत नाही अशी ख्याती होती. कामाला येणाऱ्या बायका पाठीमागे तिला नाकवाली म्हणत. तिला ते ठाऊक होतं, आणि आतून आवडतही होतं.

नवऱ्याचा हात कापायला लागला आणि त्याची इस्त्री सुटली. मोठ्या दवाखान्यात सांगितलं, मेंदूतल्या काही पेशी हळूहळू मरतायत, म्हणून हात थरथरतो, चाल मंदावते. तिथे या आजारावर संशोधन चाललं होतं. नवऱ्याला त्यात घेतलं, आणि मग तिथल्या डॉक्टरीणबाई म्हणाल्या, "तुलनेसाठी निरोगी माणसंही लागतात. त्याच घरातलं, त्याच वयाचं कुणी असलं तर फार बरं."

"आई आहेत ना!" सून चटकन म्हणाली.

ते चटकन म्हणणं माईला खुपलं. त्याला कारण होतं. दुकान आवरायच्या वेळी सून माईने पास केलेल्या गठ्ठ्यांतलं काहीबाही उचलून मागच्या खोलीत नेई, आणि थोड्या वेळाने मशीन फिरल्याचा आवाज येई. विचारलं तर म्हणे, "काही नाही आई, राहिलेलं उरकते." राहिलेलं? माईच्या हाताखालून काही राहतं? ही बया चोरून स्वतःची गिऱ्हाइकं करतेय. आता दवाखान्यात नेऊन म्हातारी कामातून गेली असा शिक्का मारून आणणार, म्हणजे स्टूलही हिचं आणि किल्ल्याही हिच्या. माईने मनात सगळं बरोब्बर जुळवून ठेवलं.

"जा की," नवरा म्हणाला. "मी रोगी, तू निरोगी. आयुष्यभर म्हणत आलीस, आता डॉक्टरच लिहून देतील."

"हात हलतोय तेवढा पुरे. जीभ कशाला हलवताय?"

पण गेली. न जाणं म्हणजे सुनेला भिणं.

"आजी, बसा इथे," डॉक्टरीणबाई म्हणाल्या.

"आजी तुझ्या घरी असेल. मला माई म्हणतात."

सून शेजारच्या खुर्चीवर बसली. डॉक्टरीणबाईंनी जाड पेनांसारख्या कांड्यांचा डबा काढला. टोपण काढून कांडी नाकाखाली धरणार, चार नावं घेणार, त्यातलं एक माईने निवडायचं.

"मेंदूचा आजार आणि तपासणी नाकाची?" माईने डोळे बारीक केले. "हे कुठलं शास्त्र?"

"वास ओळखणारा मेंदूचा भाग नाकाच्या अगदी वर असतो, माई. या आजारात पेशींमधलं एक प्रथिन चुकीचं दुमडतं आणि त्याच्या गुठळ्या होतात. बऱ्याच जणांत त्या तिथे फार आधी दिसतात. हात कापायला लागतो कित्येक वर्षांनी, वास आधीच गेलेला असतो. असं का होतं, तेच आम्ही शोधतोय."

"म्हणजे घडी चुकते."

"अगदी तसंच!"

माईला बरं वाटलं, पण तोंडावर दिसू दिलं नाही. गोड बोलून काम काढून घेणारे तिने पुष्कळ पाहिले होते.

पहिली कांडी आली. "लिंबू, साबण, धूर की गुलाब?"

माईने श्वास ओढला. काहीच नाही. तिने डॉक्टरीणबाईंच्या तोंडाकडे पाहिलं, तिथेही काही नाही. "साबण," ती ठणकावून म्हणाली. दुसरी कांडी, तिसरी कांडी. माई तशीच ठणकावत राहिली. शेवटी तिने कांडी हातानेच बाजूला सारली.

"बाई, तुमच्या कांड्या सुकल्यात. नाहीतर मुद्दाम पाणी भरलंय त्यांत, मला चुकवायला."

डॉक्टरीणबाईंनी तीच कांडी सुनेपुढे धरली. सुनेने मान झटक्यात मागे घेतली. "शी! मासळी!"

"वा गं वा!" माई उठलीच. "दोघी ठरवून बसलाय."

"माई, वास जाण्याची कारणं खूप असतात. साध्या सर्दीनेही जातो, वयानेही जातो. तुम्हाला आजार होईलच असं मुळीच नाही. पण निरोगी गटात मला तुम्हाला धरता येणार नाही. वास गेलेल्यांचं पुढे काय होतं, त्यासाठी आमचा वेगळा गट आहे. त्यात दरवर्षी याल?"

"मला निरोग्यांतून काढलं?" माई म्हणाली, आणि सुनेची वाट न बघता घराकडे निघाली.

त्या संध्याकाळी मागच्या खोलीत मशीनचा आवाज यायच्या आतच ती तिथे जाऊन उभी राहिली. सुनेच्या हातात हॉटेलचे अभ्रे होते.

"हे मी पास केलेत."

"हो."

"मग?"

"वास येतोय, आई. मागे हॉटेलवाल्याने अख्खा गठ्ठा परत पाठवला. तेव्हापासून मी पुन्हा बघते."

"मला सांगायला जीभ झडली होती?"

"सांगितलं असतं तर ऐकलं असतंत?"

माईचा विश्वास बसला नाही. चोर असाच शांतपणे बोलतो. विचारायचं कुणाला? नवऱ्याचं नाक त्याच्या आजाराने कधीच नेलेलं. मुलगा बायकोची री ओढणार. कामाच्या बायका माईला आवडेल तेच बोलणार. सून खोटी असेल तर तिचं बोचकं बांधून माहेरी. खरी असेल तर आपलं स्टूल गेलं. माईने ठरवलं, तपासणी आपणच घ्यायची.

तिने एकसारखे नॅपकिन काढले. एक ओला करून झाकणाच्या डब्यात रात्रभर कोंबून ठेवला, सकाळी वाळवून बाकीच्यांबरोबर इस्त्री केला आणि त्याच्या शिवणीच्या आत लाल दोरा घातला, उलटून पाहिल्याशिवाय दिसणार नाही असा. मग सुनेचे डोळे बांधले आणि नवऱ्याला बोलावलं.

"हे खालीवर करा. कुठला कुठे गेला ते मलाही कळायला नको."

"माझ्या हातात दिले की आपोआप होतात," नवरा म्हणाला.

सून एकेक हुंगत बाजूला ठेवत गेली. एकापाशी थांबली. "हा."

माईने शिवण उलटली. लाल दोरा.

"पुन्हा."

पुन्हा लाल दोरा. "पुन्हा!" माई ओरडली, आणि पुन्हा तोच.

मग माईने सुनेच्या डोळ्यांवरचं फडकं सोडून स्वतःच्या डोळ्यांवर बांधलं. नवरा देत गेला. तिने प्रत्येक कापडात तोंड खुपसलं, छाती भरेपर्यंत श्वास ओढला. इस्त्रीची ऊब लागली, सुताची खरखर लागली. वास म्हणून काही आलं नाही. शेवटी अंदाजाने एक पुढे केला. मग फडकं काढून तिने स्वतःच शिवण उलटली. दोरा नव्हता. सून जमिनीकडे बघत होती. नवरा नॅपकिन गोळा करू लागला.

कामाच्या बायका आल्या तेव्हा टेबलापाशी दोन स्टुलं होती. मोठं माईचं, आणि त्याला खेटून एक बुटकं, त्यावर सून. माईने पहिलं कापड उचललं, रोजच्यासारखं नाकाशी नेलं आणि तसंच खाली, टेबलाच्या आडून, सुनेच्या नाकाशी धरलं.

"बोल," ती ओठ न हलवता म्हणाली.

"कुबट," सून पुटपुटली.

"परत!" माई अशी गरजली की इस्त्रीवाल्या बायका दचकल्या.

कापडं सरकत राहिली. मध्येच माई हळूच म्हणाली, "त्या डॉक्टरीणबाईंना सांग, येईन दरवर्षी. पण प्रत्येक कांडी आधी तू हुंगायचीस. त्यांचा मला अजून भरवसा नाही."

"आणि माझा?"

माईने पुढचं कापड उचललं. "तोंड बंद, नाक उघड," ती म्हणाली. "काम कर."