त्या काळात न बसणारी वस्तू

सिनेमाच्या सेटवर माझं काम एकच: दाखवलेल्या काळात न बसणारी वस्तू हुडकायची आणि बाहेर काढायची. राजाच्या दरबारात प्लास्टिकची बाटली दिसली की मी खेकसते, "अ‍ॅनाक्रॉनिझम! कुठल्या गाढवाने ठेवली?" शब्द मूळचा ग्रीकांचा. 'अ‍ॅना' म्हणजे उलट, 'क्रोनोस' म्हणजे काळ.

घरी बाबांचं मन, मी प्राथमिक शाळेत होते त्या दिवसांत जाऊन अडकलंय. आजचं काहीही दिसलं की ते थरथर कापतात. डॉक्टर म्हणाले, "त्यांना त्यांच्या काळातच राहू द्या." म्हटलं, हा तर माझ्या हातचा मळ! टीव्ही हलवला, जुना रेडिओ आणला, पडदेसुद्धा तेव्हाच्या छापाचे शिवून घेतले.

तरी आज बाबा बोट रोखून किंचाळले, "ते बाहेर काढा!"

मी भिंतीवरचं कॅलेंडर उतरवलं. बोट हलेना. खिशातला मोबाइल बाहेर भिरकावला. "ते! ते!" मी रडकुंडीला आले. काय राहिलं म्हणून खोलीभर शोधत फिरले, तर बोटही माझ्यामागे फिरू लागलं.

"कोण ही म्हातारी? हिला बाहेर काढा!"

मी बाहेर आले आणि दार ओढून घेतलं. आत एकदम शांत झालं. मग बाबांनी मला माझ्या लहानपणीच्या नावाने हळूच हाक मारली.

"चिमणे, ये गं आत. घाबरू नकोस. गेली ती म्हातारी."