शेवटचा बाक

"पुढच्या आठवड्यापासून चिमी कच्च्या मुलांच्या वर्गात बसेल," बाईंनी चिमीच्या बापाला, पत्रेवाल्याला, बोलावून वर्गातच सांगून टाकलं. "लक्षच नसतं तिचं. आई गेली, घरी अभ्यास घेणारं कोणी नाही. समजू शकते मी."

पत्रेवाल्याचं डोकं सणकलं. आई गेली, हे ज्याला त्याला बोलायला बरं सापडलं होतं.

"मागच्या वर्षी तर पुढे बसायची?"

"आमच्याकडे मार्कांप्रमाणे बसवतात. आई गेली तेव्हा तिची परीक्षा बुडाली, मागे गेली. तिथून वर काही आली नाही. आता बघा." बाई फळा पुसायला वळल्या. "चिमी, नऊ साते किती?"

शेवटच्या बाकावरची चिमी पेन्सिल कुरतडत राहिली.

"पाहिलंत?"

पत्रेवाला तणतणत तिच्याजवळ गेला. खांदा हलवून, समोर वाकून त्याने दुकानातल्या आवाजात तेच विचारलं.

"त्रेसष्ट!"

"तुम्हाला घाबरते," बाई हसल्या.

तो हसला नाही. त्याचं दुकान आणि घर एकाच खोलीत. हातोडा चालू असला की बोलायचं ते समोर येऊन, हात लावून, ओरडून. बायकोही तशीच बोलायची. त्या ठोकाठोकीत पोरीला कमी ऐकू येतं हे कळणार कुणाला? तो तिच्या मागे गेला आणि हळूच म्हणाला, "चिमे." पोरीची मान हलली नाही.

हे बायकोला सांगायला हवं होतं. सांगायला ती नव्हती. ज्या समोर होत्या त्यांच्यावर तो उसळला.

"बाई, हिला ऐकू येत नाही! आणि तुम्ही तिला मागे ढकलत नेलीत. ऐकू नाही म्हणून मार्क नाहीत, मार्क नाहीत म्हणून मागे. ही कुठली रीत?"

"अहो, पुढचे बाक हुशार मुलांचे आहेत."

"मग हुशारांना मागूनही कळेल की! बसवा त्यांना मागे!"

त्याने चिमीचं दप्तर उचलून पहिल्या बाकावर आदळलं. तिथली पहिल्या नंबरची पोरगी गपकन सरकली.

"बाबा, नका ना," चिमी पुटपुटली.

"बस तू. कान उद्याच तपासून आणतो. तोवर हिला इथून कोण उठवतं ते बघतो."

तोही शेजारी बसायला गेला. गुडघे बाकात अडकले. वर्ग खिदळला. लाल झालेल्या बाई खडू घेऊन फळ्याकडे वळल्या आणि तशाच, पाठ करून, शिकवू लागल्या.

"तोंड इकडे, बाई!" तो गरजला.

बाई वळल्या.