सुरी नसलेला नाकतोडा

"मारलंस मा सगळ्यांका? आता तरी पॉट भरला तुजा?"

विमल कुंपणाच्या अलीकडून ओरडत होती. पलीकडे शेजारचा शंकर पाठीवर फवारणीचा पंप घेऊन भाताच्या बांधावर उभा होता. कट्टा गावच्या बाजाराला निघालेली माणसं रस्त्यातच थबकली.

"कोणाक मारलंय गे वयनी?"

"नाकतोड्यांका! रातकिड्यांका! चतुर्थी तोंडार इली, ह्या दिसांनी तिन्हीसांजेक कान किटतत. आणि यंदा? एक किरकिर आसा? तुज्या औषदान सगळा रान मुक्या केल्यान."

"औषद?" शंकर हसला. "वास घेवन बघ. बांगड्याची डोकी गुळात कुजयलंय, तेचा पाणी ह्या. औषदाक बांगड्याचो वास येता काय?"

आवाज ऐकून त्याची बायको किशोरी धावत आली. "अगे वयनी, नाकतोडे उड्ये मारतत मगो. ह्यो बघ." तिने भाताच्या पातीवरून एक हिरवा, लांब मिशांचा नाकतोडा अलगद उचलला आणि कुंपणावरून पुढे धरला.

विमलने तो उलटा करून पाहिला. शेपटीतून बाकदार सुरी बाहेर आलेली. "बायल ही. बायल कधी गाता? सुरी आसा ती अंडी घालूक. गाणारे मेले, मुक्ये उरले."

शंकर मान वळवून पंपाचा पट्टा सोडता सोडता काहीतरी बोलला. ते विमलला कळलं नाही, पण किशोरीचा चेहरा उतरलेला दिसला, आणि तेवढं तिला पुरलं.

"यंदा तुज्या खळ्यात मी फुगडेक येवचंय नाय," ती म्हणाली आणि पाठ फिरवून घरात गेली.

नाकतोड्यांची पारख तिला आईने दिली होती. गवत कापताना आई विळा थांबवायची, पोरीच्या तळहातावर नाकतोडा ठेवायची आणि म्हणायची,

शेपटेक सुरी, ती मातीत पेरी,
सुरी नाय जेका, तो गातलो ऐका.

मादी अंगाने भरलेली, शेपटीला सुरी. नर शेलाटा, शेपूट मोकळं. तो पंखावर पंख घासतो आणि संध्याकाळ सुरात भिजते. एवढं एक ज्ञान माहेराहून घेऊन ती भिकाजीच्या घरी आली, आणि इथे तिच्या वाट्याला आली पिठाची गिरण. पट्टा फटफटायचा, जातं घरघरायचं, तांदूळ-नाचणीच्या धुक्यात माणसं एकमेकांच्या ओठांकडे बघून बोलायची. भिकाजी गेला, तरी गिरण थांबली नाही. पीठ बारीक उतरलं की नाही ते विमल अंगठा आणि बोट चोळून सांगायची. तिचं सगळं आयुष्य त्या घरघरीत दळलं गेलं, पण त्यातून तिचा गळा तेवढा सुटला होता. वाडीत फुगडीचं गाणं ती उचलायची आणि बाकीच्या बायका तिची ओळ झेलायच्या. गेल्या वर्षी मात्र बायकांचा झेल संपायच्या आतच ती पुढच्या ओळीवर चढत होती. पोरी तोंडावर पदर घेऊन हसल्या. विमलला वाटलं, आताच्या पोरींचे गळेच मेलेले. ओळ ओढत बसतात.

भांडणानंतर किशोरी कुंपणापाशी आली नाही. संध्याकाळी तिच्या खळ्यात, घरापुढच्या अंगणात, बायका फुगडीला जमायच्या. विमल ओसरीवर बसून त्या दिशेला बघायची. गाणं कोण उचलत असेल, हे विचारायचं तिच्या जिवावर यायचं. आपलंच खरं आहे, याचा आधार तेवढा तिला होता.

एका तिन्हीसांजेला ती पातोळ्यांसाठी हळदीची पानं काढायला परसात गेली. काही पानं पदरात घेऊन पुढच्या देठाला हात घातला तर बोटांना कसलीशी थरथर जाणवली. वर पाहिलं. पानावर लांब मिशांचा हिरवा नाकतोडा. ती वाकून मागून बघू लागली. अंग शेलाटं. शेपूट मोकळं.

सुरी नाही.

"ऱ्हवलो मगो एक!" ती आनंदाने पुटपुटली. "गा रे बाबा, गा."

त्याचे पंख एकमेकांवर घासत होते, इतके भरभर की कडा पुसट दिसाव्यात. पान कापत होतं. विमलने कान पुढे नेला. काही नाही. दिवा विझल्यावर खोली गप्प होते, तसं.

मागून कोणीतरी खांद्याला हात लावला. सून होती, संचिता. मालवणच्या पतपेढीतून नुकतीच घरी आलेली. विमल वळली तशी तिने दोन्ही कानांवर हात ठेवले. "आई, किती वेळ हाक मारतंय! आणि ह्या ओरडणाऱ्याच्या इतक्या जवळ कशा उभ्या? कान फुटतले."

विमलने तिच्या ओठांकडे पाहिलं. मग पानाकडे.

"ह्यो ओरडता?"

"ह्योच नाय, सगळा परसू ओरडता. रोज. काल फोनार ह्यांका माजो आवाज येय नाय होतो..." संचिता मध्येच थांबली. सासूच्या चेहऱ्यावरचं काहीतरी तिला दिसलं. तिने सासूचा हात धरला.

हळदीची पानं पदरात तशीच घेऊन विमल शंकरच्या खळ्यात गेली. बायका गोल धरून उभ्या होत्या. शंकर ओसरीवर बसून दोरी वळत होता.

"शंकर," ती म्हणाली, सगळ्यांना ऐकू जाईल एवढ्या आवाजात, कारण आवाज किती चढला हे आता तिचं तिलाच कळणार नव्हतं, "तुजे नाकतोडे जिते आसत. मेले ते माजे कान."

शंकर उठून तिच्या अगदी समोर आला. "वयनी, त्या दिसा मी तोंड फिरवन काय बोललंय, ता ऐकलंस?"

"नाय."

"मगे बरा झाला. ता ऐकण्यासारख्या नव्हताच."

पहिली हसली ती विमल. मग सगळं खळं हसलं, आणि हसता हसता किशोरीने डोळे पुसले.

"तुका ठावक होता गो?" विमलने तिला विचारलं.

"गेल्या वर्साच कळला माका. सांगलंय असता तर तू गाणाच सोडलं असतंस."

"चतुर्थी झाली की संचिता माका कुडाळाक कानाच्या डॉक्टराकडे नेतली. पण यंदा तू उचल बाये. झेल कधी संपता ता माका कळना नाय."

"मी? माज्यापरास बेडूक बरो." किशोरीने तिच्या पदरातली पानं काढून पायरीवर ठेवली आणि तिचं मनगट घट्ट धरून तिला गोलात ओढलं. "तू गा. संपलो की मी सांगतंय."

विमलने डोळे मिटले. गळा साफ केला.

माहेराच्या वाटे गो, तेरड्याची दाटी...

बायकांनी ओळ झेलली. पोरींचे कोवळे आवाज तिच्यापर्यंत पोचलेच नाहीत. थोराड बायकांचे कुठेतरी लांबून, भरतीच्या खाडीसारखे आले. सारवलेल्या जमिनीतून पावलांचा ठेका मात्र टाचांत चढत होता. जुन्या सवयीने पुढची ओळ जिभेवर आली. तिने ती तिथेच धरून ठेवली.

किशोरीच्या अंगठ्याने मनगट दाबलं.

विमलने दुसरी ओळ उचलली.